निवृत्त होऊन तेरा महिने झाले, उपदान (ग्रॅच्युइटी) आणि पेन्शन अडकलंय. याचिका करावी का?

सिस्टर_खारेगाव | १४ जुलै २०२४, रात्री ९.४०

नमस्कार. पहिल्यांदाच धागा काढतेय, लांबला तर सांभाळून घ्या.

ठाणे जिल्ह्यातल्या एका महापालिकेच्या रुग्णालयात मी ३१ वर्षं परिचारिका होते. ३१ मे २०२३ ला नियत वयोमानाने निवृत्त झाले. महापालिकेचं नाव लिहीत नाही, माझ्या मैत्रिणी अजून तिथे नोकरीत आहेत. निरोप समारंभात शाल-श्रीफळ मिळालं, साहेब म्हणाले तुमचे पेन्शनचे कागद तयारच आहेत. त्यानंतर हातात काय आलं ते सांगते. भविष्य निर्वाह निधीची रक्कम सप्टेंबरात आली. गट विम्याचे पैसे आले. तात्पुरती पेन्शन सहा महिने मिळाली आणि डिसेंबरपासून बंद झाली. उपदान नाही, रजा रोखीकरण नाही, अंशराशीकरणाचा, म्हणजे पेन्शनचा काही भाग एकरकमी घेण्याचा, तर कोणी विषयच काढत नाही.

विचारायला गेलं की आस्थापनावाले म्हणतात फाईल लेखा विभागात आहे. लेखावाले म्हणतात वेतन पडताळणीला गेलीय. फेब्रुवारीत तोंडी कळलं की २०१६ साली दुसऱ्या कालबद्ध पदोन्नतीची वेतननिश्चिती चुकली होती आणि आता ३,१२,००० रुपये माझ्याकडून वसूल करायचेत. लेखी काहीही दिलेलं नाही. शिवाय १९९२ ते १९९५ या काळातल्या सेवापुस्तकातल्या नोंदींवर सही नाही. ज्या साहेबांची सही हवी होती ते कधीचे वारले.

आम्ही असे अकरा जण आहोत. परिचारिका, प्रयोगशाळेतले, वॉर्डबॉय, एक सफाई मुकादम. त्यांतल्या काहींचं म्हणणं आहे की मुंबई उच्च न्यायालयात याचिका करायची, लवकर पैसे द्या म्हणून. माझं मन होत नाही. ज्या संस्थेने एकतीस वर्षं घर चालवलं तिच्यावर कोर्टात कसं जायचं? पण मिस्टरांच्या औषधाला मुलाकडे पैसे मागताना जीभ रेटत नाही, हेही खरं.

कोणी या रस्त्याने गेलं असेल तर सांगा.

---

कोपरीकर | १४ जुलै, रात्री १०.१५

ताई, माझ्या मोठ्या भावाचं सांगतो. त्याने केस टाकली आणि ऑफिसने फाईलवर 'प्रकरण न्यायप्रविष्ट' असा शेरा मारून ती कपाटात ठेवली. आधी निदान कोणीतरी उचलून बघत तरी होतं. माझं प्रामाणिक मत, साहेबांना जाऊन भेटत राहा. दर आठवड्याला जायचं, तिथे बसायचं.

---

स्टेअरिंग_वागळे | १४ जुलै, रात्री १०.५२

किती आठवडे बसायचं, काका? त्या तेरा महिने बसल्या की.

---

आवकजावक | १५ जुलै, सकाळी ७.०५

सिस्टर, मी जिल्हा परिषदेच्या आस्थापना शाखेत चौतीस वर्षं काढली, शेवटची नऊ फक्त पेन्शन प्रकरणं बघत. त्यामुळे टेबलाच्या त्या बाजूने काय दिसतं ते सांगतो.

पेन्शन केस निवृत्तीच्या दिवशी सुरू होत नाही. महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, १९८२ प्रमाणे कार्यालयप्रमुखाने दोन वर्षं आधी कागद हातात घ्यायचे असतात. तुमच्याकडे बहुतेक महापालिकांनी हेच नियम स्वीकारलेत. त्या दोन वर्षांत सेवापुस्तक पान न् पान तपासायचं, सही नसलेल्या नोंदी जुन्या वेतन देयकांवरून आणि हजेरीपटावरून पडताळायच्या, वेतननिश्चिती पडताळणी पथकाकडून तपासून घ्यायची. तुमच्या १९९२ च्या नोंदीसाठी वारलेल्या साहेबांची सही लागत नाही. पगार काढल्याची देयकं लेखा विभागात असतात, त्यांवरून आजचा अधिकारी 'पडताळले' असं लिहून सही करू शकतो. हे काम २०२१ मध्ये व्हायला हवं होतं. झालं नाही, हा तुमचा दोष नाही.

आता कोपरीकरांना. भेटत राहा हा सल्ला मी स्वतः शेकडो लोकांना दिला आहे आणि आज मला तो चुकीचा वाटतो. तोंडी भेटीची नोंद कुठेही राहत नाही. टेबलावरचा माणूस बदलला की तुमच्या वीस फेऱ्या पुसल्या जातात.

आणि एक गोष्ट बाहेरच्याला कळत नाही. फाईल अडवणाऱ्याच्या मनात बहुतेक वेळा पाप नसतं, भीती असते. त्याला वाटतं, मी सही केली, उद्या लेखापरीक्षणात आक्षेप निघाला, तर ते तीन लाख माझ्या पगारातून कापतील. म्हणून तो शेरा मारतो, 'मार्गदर्शन व्हावे', आणि फाईल वर पाठवतो. वरचा तेच करतो. अशा माणसाला सही करायला बळ देणारा एक कागद लागतो. कोर्टाचा आदेश हा तसा कागद आहे. तुम्ही संस्थेच्या अंगावर जाताय असं मनात आणू नका. सही करायला घाबरणाऱ्या एका कारकुनाच्या हातात तुम्ही आधार देताय. मी स्वतः अशा आदेशांची वाट पाहिली आहे, सिस्टर. ज्या दिवशी आदेश यायचा त्या दिवशी माझ्याही डोक्यावरचं ओझं उतरायचं.

याचिकेच्या आधी दोन कामं करा. एक सविस्तर लेखी निवेदन आयुक्तांच्या नावाने द्या, आवक विभागात देऊन दुसऱ्या प्रतीवर शिक्का, तारीख आणि आवक क्रमांक घ्या. दुसरं, माहितीच्या अधिकारात अर्ज टाका, दहा रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प लावून. सेवापुस्तकाची संपूर्ण प्रत, पडताळणी पथकाचा आक्षेप आणि तुमच्या फाईलवरच्या सगळ्या टिपण्या मागा. टिपण्या हा शब्द विसरू नका. तीस दिवसांत उत्तर द्यावं लागतं.

---

सिस्टर_खारेगाव | १५ जुलै, सकाळी ८.३०

काका, तुमचं तिसऱ्यांदा वाचलं. आमच्या आस्थापनेत एक मुलगा बसतो, चांगला आहे, मी दिसले की खाली मान घालतो. मला वाटायचं टाळतोय. आता वेगळं वाटतंय.

आजच निवेदन लिहायला घेते.

---

काळाकोट_नौपाडा | १५ जुलै, रात्री ११.२०

मी वकील आहे, सेवाविषयक प्रकरणं बघते. नाव इथे देणार नाही, कोणी मला प्रकरण द्यावं म्हणून लिहीत नाहीये. पण इथे दर महिन्याला हाच प्रश्न येतो, त्यामुळे एकदा नीट लिहिते.

आधी जायचं कुठे ते. राज्य सरकारचा कर्मचारी असेल तर थेट उच्च न्यायालयात जाता येत नाही. त्याला महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, म्हणजे मॅटमध्ये, मूळ अर्ज करावा लागतो. १९९७ च्या एल. चंद्रकुमार निकालापासून हे पक्कं आहे. महापालिकेचे कर्मचारी मॅटच्या कक्षेत येत नाहीत, त्यांच्यासाठी राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयात रिट याचिका. सिस्टर, तुमची वाट ही दुसरी.

फक्त उपदान अडकलं असेल तर तिसरी वाटही आहे, आणि ती लोकांना माहीतच नसते. उपदान प्रदान अधिनियम, १९७२ महापालिका कर्मचाऱ्यांना लागू होतो, त्यांना पेन्शन असली तरी. दिल्ली महापालिका विरुद्ध धरम प्रकाश शर्मा, सर्वोच्च न्यायालय, १९९८. या कायद्याच्या कलम ७ प्रमाणे तीस दिवसांत उपदान द्यायचं. उशीर झाला तर सरळव्याज द्यायचं, आणि अधिसूचित दर वर्षाला १० टक्के आहे. आपल्याकडे नियंत्रक प्राधिकारी म्हणून, म्हणजे उपदानाचे तंटे ऐकायला, कामगार न्यायालय बसतं, म्हणजे ठाण्यातलं काम ठाण्यात. अर्ज नमुना एन मध्ये, नव्वद दिवसांत करायचा असतो. सबळ कारण असलं तर उशीर माफ होतो.

हिशोबातही फरक पडतो. पेन्शन नियमांत दर पूर्ण सहामाहीला पाव पगार, म्हणजे सिस्टरांच्या ३१ वर्षांचे साडेपंधरा पगार. १९७२ च्या कायद्यात वर्षाला पंधरा दिवस, पण महिना सव्वीस दिवसांचा धरून. तोच हिशोब १७.८८ पगारांवर जातो. समजा मूळ वेतन आणि महागाई भत्ता मिळून ९०,००० असेल, तर कायद्याने १६,०९,६१५ रुपये होतात. २९ मार्च २०१८ पासून या कायद्यातली मर्यादा २० लाख आहे, तिच्या आत बसतं. त्यावर १० टक्के म्हणजे महिन्याला १३,००० च्या वर व्याज. तेरा महिने. फाईल कपाटात आहे असं सांगणाऱ्याला हा आकडा एकदा कागदावर मांडून दाखवा.

सिस्टर, तुमचा खरा गुंता मात्र वसुलीचा आहे. ती रद्द करून घेतल्याशिवाय बाकी काही हलणार नाही, म्हणून तुमच्यासाठी रिट योग्य वाटते. पंजाब राज्य विरुद्ध रफीक मसीह, १८ डिसेंबर २०१४, हा निकाल पाठ करून ठेवा. त्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं आहे की गट क आणि ड च्या कर्मचाऱ्यांकडून, निवृत्त झालेल्यांकडून किंवा वर्षभरात निवृत्त होणाऱ्यांकडून, आणि वसुलीचा आदेश निघण्याआधी पाच वर्षांहून जास्त काळ दिलं गेलेलं जादा वेतन वसूल करता येत नाही. तुम्ही तिन्हीत बसता.

याचिकेत मागण्या कशा लिहिल्या जातात ते स्वतः वाचा. 'निवेदनावर निर्णय घेण्याचे निर्देश द्यावेत' एवढीच मागणी असेल तर कोर्ट पहिल्याच तारखेला म्हणेल, बरं, आठ आठवड्यांत निर्णय घ्या, याचिका निकाली. मग महापालिका आठव्या आठवड्यात एक ओळीचं पत्र पाठवते की मागणी मान्य करता येत नाही, आणि तुम्ही पुन्हा पहिल्या पायरीवर. अशी कितीतरी माणसं माझ्याकडे दुसऱ्यांदा येतात. मागणी स्पष्ट हवी. अमुक रक्कम, अमुक तारखेपासून व्याज, वसुलीला स्थगिती, आणि वादात नसलेली रक्कम अंतरिम आदेशाने लगेच.

कोपरीकर, तुमच्या भावाच्या बाबतीत जे झालं ते मी खूपदा पाहते. स्थगिती नसेल तर याचिका प्रलंबित असताना पैसे द्यायला कोणताही कायदा आड येत नाही. 'न्यायप्रविष्ट' हा शेरा तिथे चुकीचा आहे आणि वकिलाने तो कोर्टाच्या नजरेला आणायला हवा होता.

---

नेरूळ_सेक्टरवीस | १६ जुलै, दुपारी १.१०

मी राज्य शासनाचा. मॅटमध्ये गेलो होतो, माझा अनुभव थोडक्यात. अर्जाची फी अगदी किरकोळ, वकिलाची जास्त. एक वर्षाच्या आत जावं लागतं हे मला उशिरा कळलं, सुदैवाने पेन्शनचं कारण दर महिन्याला नव्याने घडतं म्हणून निभावलं, पण मागची थकबाकी तीन वर्षांच्या पलीकडची मिळाली नाही. तरसेम सिंग नावाचा २००८ चा निकाल आमच्यावर वाचून दाखवला होता. त्यामुळे वाट बघत बसू नका. वाट बघण्याचेही पैसे जातात.

---

ऐरोलीकर_मुलगा | १६ जुलै, रात्री ८.४५

माझ्या वडिलांच्या वतीने विचारतो. त्यांची विभागीय चौकशी निवृत्तीच्या आधी सुरू झाली, अजून संपलेली नाही. उपदान मिळेल का?

---

काळाकोट_नौपाडा | १६ जुलै, रात्री १०.३०

तुम्हाला खोटी आशा देत नाही. पेन्शन हा अनुच्छेद ३००अ खालचा मालमत्तेचा हक्क आहे आणि नियमात अधिकार नसेल तर तो रोखता येत नाही, असं झारखंड राज्य विरुद्ध जितेंद्र कुमार श्रीवास्तव या २०१३ च्या निकालात म्हटलंय. पण आपल्याकडे नियम आहे. १९८२ च्या पेन्शन नियमांतल्या नियम १३० प्रमाणे चौकशी संपेपर्यंत उपदान थांबतं. तात्पुरती पेन्शन मात्र द्यावीच लागते. ती मिळत नसेल तर आधी तिच्यासाठी अर्ज करा, आणि चौकशी ठरावीक मुदतीत संपवण्याचा आदेश मागा. वडिलांना दोषारोपपत्र निवृत्तीच्या आधी मिळालं होतं का ते पक्कं करा. निवृत्तीनंतर दिलं असेल तर चार वर्षांच्या मागच्या घटनेवर चौकशी चालत नाही, नियम २७ बघा.

---

स्टेअरिंग_वागळे | १७ जुलै, सकाळी ६.२०

एक विचारू का, हमीपत्राचं काय? सातव्या वेतन आयोगाच्या वेळी सगळ्यांकडून लिहून घेतलं होतं की जादा रक्कम दिली गेली तर वसूल करायला माझी हरकत नाही. आम्हाला तर डेपोत रांगेत उभं करून सह्या घेतल्या, वाचायलाही दिलं नाही.

---

सिस्टर_खारेगाव | १७ जुलै, सकाळी ९.००

अगं बाई. मीही केलीय ती सही. ड्युटीवर असताना रजिस्टर फिरवलं होतं.

---

काळाकोट_नौपाडा | १७ जुलै, रात्री ११.०५

हा मुद्दा महापालिका मांडणारच. जगदेव सिंग, २०१६, सर्वोच्च न्यायालय. त्यात हमीपत्र दिलेल्याकडून वसुली चालेल असं ठरलं. पण तो माणूस न्यायिक अधिकारी होता आणि सुधारित वेतनाच्या वेळी त्याने स्वतः हमी दिली होती. तुम्ही गट क, वसुली २०१६ च्या पदोन्नतीची, हमीपत्र नंतरचं आणि वेगळ्या वेतननिश्चितीचं. फरक दाखवता येतो. २०२२ च्या थॉमस डॅनियल निकालातही कर्मचाऱ्याने लबाडी केली नसेल तर इतक्या वर्षांनी वसुली नको असंच म्हटलंय. शंभर टक्के खात्री मी देणार नाही. हमीपत्राची प्रत मात्र माहिती अधिकारात मागून घ्याच, त्यावरची तारीख महत्त्वाची आहे.

---

कोपरीकर | १८ जुलै, सकाळी १०.१२

सगळं पटतंय. तरी एक बोलतो. महापालिकांची तिजोरी रिकामी असते, कंत्राटदारांची बिलं थकलेली. व्याज शेवटी आपल्याच मालमत्ता करातून जाणार ना?

---

आवकजावक | १८ जुलै, दुपारी ४.४०

कोपरीकर, तुमचा प्रश्न रास्त आहे, म्हणून एक जुनी गोष्ट सांगतो. केरळमधला एक सरकारी कर्मचारी १९ मे १९७३ ला निवृत्त झाला. पैसे मिळाले १४ ऑगस्ट १९७५ ला. का, तर कोषागाराने अंतिम वेतन प्रमाणपत्र वेळेवर दिलं नाही. एक कागद. सर्वोच्च न्यायालयाने १९८४ मध्ये त्याच्या बाजूने निकाल दिला. पेन्शन आणि उपदान ही सरकारने खुशीने दिलेली बक्षिशी नाही, कर्मचाऱ्याचा हक्क आणि मालमत्ता आहे, आणि निवृत्तीनंतर दोन महिने उलटले की बाजारभावाने व्याज द्यायचं, असं त्यात म्हटलंय. पद्मनाभन नायर यांचा तो खटला. आमच्या शाखेत तो निकाल मी स्वतः टाईप करून काचेखाली ठेवला होता.

व्याज करदात्याच्या खिशातून जातं हे खरं, आणि म्हणूनच उशीर करणाऱ्याला व्याजाचा आकडा दिसला पाहिजे. आपल्या पेन्शन नियमांतही १२९अ आणि १२९ब मध्ये प्रशासकीय दिरंगाईबद्दल व्याजाची तरतूद आहे. ती स्वतःहून लागू केलेली मी चौतीस वर्षांत दोनदाच पाहिली.

---

काळाकोट_नौपाडा | १८ जुलै, रात्री ९.५०

जोड म्हणून. व्याजाच्या दराबद्दल फार मोठ्या अपेक्षा ठेवू नका. २००० साली मेहरोत्रा प्रकरणात १८ टक्के दिले गेले होते, पण २०२१ मध्ये आंध्र प्रदेशच्या थकवलेल्या पगार-पेन्शनच्या प्रकरणात उच्च न्यायालयाचे १२ टक्के सर्वोच्च न्यायालयाने ६ वर आणले. १९७२ च्या कायद्यातले १० टक्के मात्र कायद्याने ठरलेले आहेत, म्हणून उपदानाचा हिशोब त्या कायद्याखाली मांडा.

---

सिस्टर_खारेगाव | २५ ऑगस्ट २०२४, सायं. ६.१५

माहिती अधिकाराचं उत्तर अठ्ठाविसाव्या दिवशी आलं. १४७ पानं. मी ती रात्री दोनपर्यंत वाचत बसले होते.

काका, टिपण्या मागा म्हणालात ते फार बरं केलंत. पडताळणीचा आक्षेप जानेवारीत आला. आस्थापनेने ९ फेब्रुवारीला टिपणी ठेवली, 'संबंधितांकडून वसुलीबाबत संमतिपत्र घ्यावे.' त्याखाली सही. त्यानंतर काहीच नाही. पान कोरं आहे. सहा महिने माझी फाईल माझ्या संमतिपत्राची वाट बघत होती आणि ते पत्र माझ्याकडे कोणी मागितलंच नव्हतं. दर आठवड्याला मी त्या टेबलासमोर उभी राहत होते.

मी रडले, खोटं कशाला सांगू. एकतीस वर्षांत मी एकाही पेशंटचा कागद असा ठेवला नाही. रात्रपाळी संपताना चार्ट पुढच्या सिस्टरच्या हातात देऊन, तोंडी समजावून, मगच घरी जायचे मी.

१९९२ ते ९५ ची देयकं सापडली आहेत. हमीपत्र मार्च २०१९ चं आहे.

याचिका करायची. अकरापैकी सात जण तयार आहोत.

---

आवकजावक | २५ ऑगस्ट, रात्री ८.००

ते कोरं पान याचिकेला जोडा. त्याहून मोठा पुरावा नाही.

---

सिस्टर_खारेगाव | ६ ऑक्टोबर २०२४, दुपारी ३.३०

याचिका दाखल झाली. सात जणांनी मिळून खर्च वाटून घेतला, कोर्ट फी प्रत्येकाची वेगळी भरली. वकिलांनी प्रेसिपी, म्हणजे कोर्टाला विनंतीची चिठ्ठी, देऊन ज्येष्ठ नागरिक म्हणून लवकर सुनावणी मागितली आहे. आता मध्ये दिवाळीची सुट्टी.

---

सिस्टर_खारेगाव | १ डिसेंबर २०२४, सकाळी ११.००

दोनदा जाऊन आले. पहिल्या वेळी बोर्डावर, म्हणजे त्या दिवशीच्या प्रकरणांच्या यादीत, आमचा नंबर खूप खाली होता, संध्याकाळपर्यंत बसलो आणि बोर्ड पूर्ण झालाच नाही. आमचे मुकादम सकाळी कळव्याहून न जेवता आलेले. कॉरिडॉरमध्ये मी त्यांना डब्यातली पोळी-भाजी दिली. ते म्हणाले, सिस्टर, मी आयुष्यात पोलीस चौकी पण चढलो नाही.

दुसऱ्या वेळी सुनावणी झाली. जेमतेम सहा-सात मिनिटं. महापालिकेच्या वकिलांनी उत्तर दाखल करायला चार आठवडे मागितले. न्यायमूर्तींनी विचारलं, वसुलीची रक्कम सोडून बाकीच्या पैशांबद्दल तुमचा काय वाद आहे? ते म्हणाले, सूचना घ्याव्या लागतील. मग ते ९ फेब्रुवारीचं पान वाचलं गेलं. त्या खोलीत आपल्या फाईलवरची ओळ मोठ्याने वाचलेली ऐकताना काय वाटतं ते मला सांगता येत नाही.

अंतरिम आदेश असा: वसुलीला स्थगिती, ३,१२,००० बाजूला ठेवून वादात नसलेली सगळी रक्कम सहा आठवड्यांत द्यायची, बंद पडलेली तात्पुरती पेन्शन थकबाकीसह सुरू करायची. व्याज आणि वसुली यांचा फैसला पुढे.

---

काळाकोट_नौपाडा | १ डिसेंबर, रात्री ९.१५

छान आदेश आहे. प्रमाणित प्रत लगेच काढून आयुक्त, लेखा आणि आस्थापना अशा तिन्ही ठिकाणी आवक क्रमांकासह द्या. आदेश कोर्टाच्या संकेतस्थळावर आहे म्हणून त्यांना कळलंच असेल असं धरू नका. सहा आठवडे उलटले आणि पैसे आले नाहीत तर अवमान याचिका एका वर्षाच्या आत करावी लागते, तारीख लिहून ठेवा.

आणि जे चार जण आले नाहीत त्यांना सांगा, आजच याच आदेशाचा हवाला देऊन समान वागणुकीसाठी निवेदन द्या. २०१४ च्या अरविंद कुमार श्रीवास्तव निकालात सारख्या स्थितीतल्या कर्मचाऱ्यांना सारखा लाभ द्यावा हे तत्त्व आहे. पण कुंपणावर बसून राहिलेल्यांना ते मिळत नाही, हेही त्याच निकालात आहे.

---

चाळ_नंबर_सात | १७ डिसेंबर २०२४, दुपारी २.५०

आज पेन्शनर दिन म्हणून मंडळाच्या ग्रुपवर कोणीतरी या धाग्याची लिंक टाकली, म्हणून आले. १९८२ साली आजच्याच तारखेला पेन्शनच्या हक्काबद्दलच्या नकारा साहेबांच्या खटल्याचा निकाल लागला म्हणून हा दिवस पाळतात असं त्यात लिहिलं होतं.

माझे मिस्टर एका परिवहन सेवेत चालक होते. निवृत्त झाले आणि आठ महिन्यांत गेले. उपदान त्यांच्या हयातीत आलं नाही. मी तीनदा ऑफिसात गेले, वारस दाखला आणा म्हणाले, तो काढला, आता म्हणतात उशीर झाला. दोन वर्षं झाली. किसन नगरला राहते, पोळ्या करून देते. वकिलाला द्यायला पैसे नाहीत. माझ्यासारखीने काय करायचं?

---

काळाकोट_नौपाडा | १७ डिसेंबर, रात्री ८.२०

ताई, आधी हे ऐका. तुम्हाला वकिलाचे पैसे लागणार नाहीत. १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम १२ मध्ये स्त्रीला मोफत वकील मिळतो, उत्पन्न किती हे विचारलं जात नाही. ठाण्याच्या जिल्हा न्यायालयात जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचं कार्यालय आहे, तिथे साधा अर्ज करायचा.

दुसरं, नामनिर्देशित व्यक्तीने किंवा वारसाने उपदानाचा अर्ज उशिरा केला एवढ्याच कारणाने तो बाद होत नाही, नियमातच तसं लिहिलंय. तुमचं काम कामगार न्यायालयात होईल, मुंबईला जायची गरज नाही. मिस्टरांचं नामनिर्देशन कोणाच्या नावे होतं ते माहीत आहे का?

---

चाळ_नंबर_सात | १८ डिसेंबर, पहाटे ५.४०

माझ्याच. पण मला ऑफिसं-कोर्टाची भीती वाटते. अर्जात काय लिहायचं तेही कळत नाही.

---

सिस्टर_खारेगाव | १९ जानेवारी २०२५, रात्री ९.३०

१० जानेवारीला खात्यात पैसे जमा झाले. उपदानातून ३,१२,००० ठेवून घेतलेत, रजा रोखीकरण पूर्ण, पेन्शनची थकबाकी वेगळी. व्याज अजून नाही. उपदान त्यांनी पेन्शन नियमांनी काढलंय, १९७२ च्या कायद्याने नाही, त्याची हरकत वकिलांनी लेखी दिली आहे. पुढची तारीख मार्चमध्ये.

मागच्या आठवड्यात सही करायला ऑफिसात गेले होते. तो आस्थापनेतला मुलगा उठून उभा राहिला. म्हणाला, सिस्टर, बरं केलंत. आता बाकीच्या चार जणांच्या फाईलींवर पण मला लिहिता येतं, त्याच आदेशाचा संदर्भ टाकून. त्याने त्या चारही काढून टेबलावर ठेवलेल्या दाखवल्या. मुकादमांची पेन्शनही सुरू झालीय, त्यांनी पेढे आणून दिले घरी.

चाळ नंबर सातच्या ताई, तुम्ही त्या दिवसानंतर लिहिलं नाहीत. मी माझ्या निवेदनाच्या नमुन्यावर तुमचा अर्ज लिहून ठेवलाय, फक्त नाव, तारखा आणि मिस्टरांचा बिल्ला क्रमांक भरायचाय. गुरुवारी, २३ तारखेला, मी कोर्ट नाक्याला येते. सकाळी साडेदहाला जिल्हा न्यायालयाच्या गेटपाशी उभी राहीन, निळी कापडी पिशवी असेल हातात. मृत्यूचा दाखला, वारस दाखला, नामनिर्देशनाचा कागद मिळाला तर तो आणि बँकेचं पासबुक घेऊन या. आत आपण दोघी जाऊ.

---

चाळ_नंबर_सात | १९ जानेवारी, रात्री १०.०५

येते, सिस्टर. नामनिर्देशनाचा कागद ट्रंकेत आहे, काढून ठेवते आत्ताच.